‘विर्द’ ते ‘वीअर्ड’ : एका इंग्रजी शब्दाचे भाषांतरचरित्र

१

शब्दाची व्युत्पत्ती सांगितली की त्याचा अर्थही सांगून झाला, असा एक समज आपल्या अभ्यासक्षेत्रात दीर्घकाळ टिकून आहे. धातू, प्रत्यय आणि उपसर्ग यांच्या साहाय्याने शब्द उलगडण्याची संस्कृत परंपरा ज्यांच्या अंगवळणी पडली आहे, त्या भारतीय अभ्यासकांना तर तो विशेष जवळचा वाटतो. युरोपीय शब्दाचे नाते एखाद्या संस्कृत धातूशी जुळले की त्या शब्दामागील संकल्पनाही आपल्या ओळखीची आहे, असे मानण्याचा मोह होतो. हा मोह तौलनिक साहित्याभ्यासाला कितपत मानवणारा आहे, याची तपासणी एका जुन्या इंग्रजी शब्दाच्या आधारे करण्याचा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

आजच्या इंग्रजीत ‘वीअर्ड’ हे विशेषण विचित्र, चमत्कारिक, विक्षिप्त अशा अर्थांनी सर्रास वापरले जाते. भारतीय महानगरांतील तरुणांच्या मराठी आणि हिंदी बोलण्यातही ते रुळले आहे. परंतु हजार वर्षांपूर्वी हा शब्द विशेषण नव्हता. तो नाम होता आणि विचित्रपणाशी त्याचा काहीही संबंध नव्हता. जुन्या इंग्रजीत ‘विर्द’ म्हणजे जे घडते ते, घटित, भवितव्य, दैव. (यातील इ-कार ओठांचा चंबू करून उच्चारला जाई.) दैववाचक नामापासून विक्षिप्ततावाचक विशेषणापर्यंतचा हा प्रवास अर्थापकर्षाचे उदाहरण म्हणून पाठ्यपुस्तकांत दिला जातो. तथापि ‘अर्थापकर्ष’ ही संज्ञा काय झाले ते सांगते. कसे झाले ते सांगत नाही. या प्रवासाची वळणे जवळून पाहिली, तर जवळजवळ प्रत्येक वळणावर कोणीतरी भाषांतरकार, टीपाकार किंवा पाठसंपादक उभा असलेला दिसतो. म्हणून या शब्दाचा इतिहास हा मुख्यतः भाषांतराचा इतिहास आहे, असे येथे प्रतिपादन करावयाचे आहे.

२

प्रथम व्युत्पत्तीचा विचार करू. ‘विर्द’ हे नाम जुन्या इंग्रजीतील ‘वेओर्थान’, म्हणजे ‘होणे’, या क्रियापदाचे आप्त आहे. क्रियापदात ‘थ’सदृश वर्ण आणि नामात ‘द’ हा भेद आकस्मिक नाही. कार्ल वर्नर यांनी १८७५ मध्ये जो ध्वनिनियम मांडला, त्याने या प्रकारच्या भेदाचे कारण मूळ भाषेतील आघाताच्या स्थानात दाखवून दिले. आणि त्या आघाताचा साक्षीदार म्हणून त्यांना वैदिक संस्कृतचीच मदत झाली. जर्मन भाषेतील ‘वेर्डेन’ हे क्रियापद याच कुळातले. लॅटिनमधील ‘वळवणे’ या अर्थाचे ‘वेर्तेरे’ आणि संस्कृतातील ‘वृत्’ हा धातू हेही त्याचे दूरचे सगोत्र होत. मूळ अर्थ ‘वळणे, फिरणे’ हा. लॅटिनमध्ये तो तसाच राहिला. जर्मानिक भाषांत ‘वळणे’चे ‘होणे’ झाले. संस्कृतात ‘वळणे’, ‘असणे’ आणि ‘घडणे’ हे तिन्ही अर्थ एकत्र नांदले.

मराठी वाचकाला हे कुळ परके नाही. वर्तन, वृत्ती, प्रवृत्ती, निवृत्ती, आवृत्ती, परिवर्तन हे सारे याच धातूचे वंशज. छंदःशास्त्रातील ‘वृत्त’ आणि बातमी या अर्थाचे ‘वृत्त’ एकाच मुळातून आलेले आहेत. मराठेशाहीतील पत्रव्यवहारात ‘वर्तमान’ या शब्दाचा अर्थ ‘घडलेली हकीकत’ असा होता. ‘वर्तमानपत्र’ या शब्दात तो अद्याप शिल्लक आहे. जे घडले ते ‘वर्तमान’ म्हणून पत्रात लिहिणारा मराठी कारकून आणि जे घडले त्याला ‘विर्द’ म्हणणारा इंग्रज लेखनिक यांच्या शब्दांत असे गोत्रसाम्य आहे.

परंतु येथेच थांबावयास हवे. सगोत्र शब्द समानार्थी असतातच असे नाही. ‘वृत्त’ या शब्दात दैवाची छटा नाही आणि ‘विर्द’मध्ये छंदाची नाही. ‘विर्द’चा धातू ‘वृत्’ असल्यामुळे त्याला ‘कालचक्र’ किंवा ‘कर्माचे फेरे’ म्हणावे, ही सूचना चर्चासत्रांतून अधूनमधून ऐकू येते. जुन्या इंग्रजी लेखकाला ‘विर्द’ शब्द उच्चारताना चाक फिरताना दिसत होते, याला मात्र पुरावा नाही. धातूचा मूळ अर्थ त्याच्याही पुष्कळ आधी मावळला होता. त्याला जाणवत होते ते ‘होणे’ हे रोजचे क्रियापद.

३

जुन्या इंग्रजीच्या उपलब्ध लेखनात हा शब्द फार लवकर भेटतो तो टीपाकारांच्या हातून. सातव्या-आठव्या शतकांच्या सुमारास सिद्ध झालेल्या लॅटिन-इंग्रजी शब्दसूचींत रोमन पुराणांतील ‘पार्काए’ या तीन दैवदेवतांना प्रतिशब्द म्हणून ‘विर्द’चे अनेकवचन दिलेले आढळते. या नोंदीवरून इंग्रजांच्याही तीन दैवदेवता होत्या असे अनुमान काढता येते. आणि याकोब ग्रिम यांच्या १८३५ च्या ‘जर्मन पुराणकथा’ या ग्रंथानंतर ते पुष्कळांनी काढलेही. नॉर्स काव्यांतील उर्द, वेर्दांदी आणि स्कुल्द या तीन कुमारिका त्यासाठी साक्षीला आणल्या गेल्या. उर्द हे नाव ‘विर्द’चे जुळे भावंड आहे, यात शंका नाही. परंतु शब्दसूचीचे कार्य काय असते? लॅटिन शिकणाऱ्या मठवासी विद्यार्थ्याला परक्या शब्दाचा जवळात जवळचा अर्थ पुरवणे. आपल्या कोशकाराने परकीय देवतेपुढे देशी देवतेचे नाव लिहिले, तर त्या दोन देवता एक होत्या असे त्यातून सिद्ध होत नाही. तीन ही संख्या इंग्रजी श्रद्धेतून आली की लॅटिन मूळ शब्दातून, हे ती नोंद सांगू शकत नाही.

दुसरा आणि अधिक महत्त्वाचा भाषांतरकार म्हणजे बोईथियसच्या ‘तत्त्वज्ञानाचे सांत्वन’ या सहाव्या शतकातील लॅटिन ग्रंथाला जुन्या इंग्रजीत आणणारा लेखक. परंपरा त्याला राजा आल्फ्रेड मानते; माल्कम गॉडन यांच्यासारख्या अलीकडच्या संशोधकांनी हे कर्तृत्व संशयास्पद ठरवले आहे. बोईथियसने ईश्वराच्या मनातील योजना आणि तिची जगातील अंमलबजावणी असा भेद केला होता. पहिलीला लॅटिनमध्ये ‘प्रोव्हिदेन्तिया’ आणि दुसरीला ‘फातुम’. इंग्रजी भाषांतरकाराने पहिलीसाठी ‘पूर्वविचार’ या अर्थाचा ‘फोरेथोंक’ हा शब्द योजला आणि दुसरीसाठी ‘विर्द’. कार्य घडण्यापूर्वी ते ईश्वराच्या मनात असते तेव्हा तो पूर्वविचार. घडून आले की त्याला आपण ‘विर्द’ म्हणतो, असे त्याचे विवरण आहे. ही निवड अत्यंत समर्पक होती, कारण ‘विर्द’ आणि ‘होणे’ यांचे नाते वाचकाला ऐकू येत होते. मात्र या निवडीमुळे ‘विर्द’ ईश्वराधीन झाली. पुढे दहाव्या शतकाच्या अखेरीस एल्फ्रिक या धर्मोपदेशकाने आपल्या एका प्रवचनात जन्मकाळच्या ताऱ्यांवर मनुष्याचे प्राक्तन अवलंबून असते या समजाचे खंडन केले. सर्वशक्तिमान निर्माता सोडून दुसरे कोणतेही दैव नाही, असे त्याने बजावले, आणि त्यासाठी याच शब्दाचे उपसर्गयुक्त रूप वापरले. एकाने शब्दाला धर्माच्या चौकटीत स्थान दिले, तर दुसऱ्याने ते नाकारले.

कवींच्या हाती हा शब्द अधिक मोकळा राहिला. ‘बेओवुल्फ’मध्ये नायक आपल्या तारुण्यातील साहसाची कथा सांगताना म्हणतो त्याचा आशय असा : ज्याची घटका भरलेली नाही अशा वीराचे धैर्य टिकून राहिले, तर ‘विर्द’ त्याला पुष्कळदा तारून नेते. अन्यत्र निवेदक शहाणा ईश्वर आणि वीराचे धैर्य या दोघांनी मिळून ‘विर्द’ रोखली असे सुचवतो. दैव आणि पुरुषकार यांच्या सापेक्ष बलाबलाविषयी महाभारतात जी चर्चा चालते, तिची येथे आठवण होणे स्वाभाविक आहे. परंतु हे साम्य वंशाचे नाही. ते प्रश्नाचे आहे. संकटात धैर्य कशाला, असा प्रश्न पडलेल्या कोणत्याही वीरसंस्कृतीत ते संभवते.

एकोणिसाव्या शतकातील अनेक जर्मन आणि इंग्रज अभ्यासकांनी मात्र या काव्यांतील प्रत्येक ‘विर्द’मध्ये ख्रिस्तपूर्व जर्मानिक धर्माचा अवशेष पाहिला. ख्रिस्ती मजकूर हा नंतरचा लेप समजून तो खरवडून काढावा, म्हणजे खाली अस्सल मूर्तिपूजक काव्य सापडेल, अशी त्यांची धारणा होती. बी. जे. टिमर यांनी १९४०-४१ मध्ये शब्दाच्या एकेका प्रयोगाची छाननी करून ही धारणा शिथिल केली. एरिक स्टॅन्ली यांनी १९६४-६५ मधील लेखमालेत आणि १९७५ च्या पुस्तकात त्या शोधामागील राष्ट्रवादी आकांक्षाच उघड केली. शुद्ध मूळ शोधण्याच्या हव्यासात उपलब्ध संहितेकडे दुर्लक्ष कसे होते, याचा हा धडा आहे. संतकाव्यातील किंवा लोकगीतांतील ‘मूळ’ आणि ‘प्रक्षिप्त’ यांचे वाद ज्यांनी पाहिले आहेत, त्यांना तो परका वाटणार नाही.

४

यानंतर जी घटना घडली ती भाषांतराची नव्हती. पण पुढील सर्व भाषांतरांना तिनेच वाव दिला. मध्ययुगाच्या ओघात इंग्रजीतून ‘वेओर्थान’ हे क्रियापदच लोप पावले. ‘होणे’चा भार इतर क्रियापदांनी उचलला. जर्मनमध्ये ‘वेर्डेन’ आजही जिवंत आहे. इंग्रजीत त्याच्या भावंडाचा मागमूस एखाद्या ठरीव शापवचनापुरता उरला. क्रियापद गेले आणि नाम पोरके झाले. ‘होणे’ हे क्रियापद जिवंत असल्यामुळे मराठीत ‘होणार ते होणारच’ या म्हणण्यातील ‘होणार’ कोणालाही उलगडून सांगावे लागत नाही. हिंदीतील ‘होनी’चेही तसेच. पोरक्या ‘विर्द’ला मात्र ही सोय उरली नाही. चौदाव्या शतकाच्या उत्तरार्धात चॉसरने ‘साध्वींची आख्याने’ या काव्यात हा शब्द अनेकवचनात वापरला, तेव्हा आपण त्यांना ‘डेस्टिनी’ म्हणतो, असा खुलासा त्याला जोडावा लागला. देशी शब्दाचा अर्थ फ्रेंचमधून आलेल्या शब्दाने सांगण्याची वेळ आली होती.

दक्षिणेत मंदावलेला हा शब्द उत्तरेत, स्कॉटलंडमध्ये, टिकला. तेथे नशिबाचे भोग भोगणे या अर्थाचा वाक्प्रचारही रूढ होता. अँड्र्यू ऑफ विंटन याने सुमारे १४२० मध्ये रचलेल्या पद्य-इतिहासात मॅकबेथला स्वप्नात तीन स्त्रिया दिसतात आणि तो त्यांना ‘विर्द-भगिनी’ समजतो. गॅव्हिन डग्लस याने १५१३ मध्ये पूर्ण केलेल्या व्हर्जिलच्या महाकाव्याच्या स्कॉट्स भाषांतरात ‘पार्काए’साठी हाच जोडशब्द योजला. शब्दसूचीकारांनी आठ शतकांपूर्वी जे समीकरण मांडले होते, ते असे पुन्हा एका भाषांतरात प्रकटले. हेक्टर बोईस याने लॅटिनमध्ये लिहिलेला स्कॉटलंडचा इतिहास १५२७ मध्ये प्रसिद्ध झाला. जॉन बेलेंडेन याने तो स्कॉट्समध्ये आणला. आणि त्या परंपरेतून ही भगिनीत्रयी राफाएल हॉलिनशेडच्या १५७७ च्या बखरीत आली. हॉलिनशेडलाही खुलासा करावा लागला. या दैवदेवता असाव्यात किंवा एखाद्या वनदेवता अथवा पऱ्या, असे तो सांगतो. जो शब्द स्पष्टीकरणावाचून कळत नाही, त्याचा अर्थ हळूहळू त्या स्पष्टीकरणाच्या हाती जातो.

शेक्सपिअरने बखरीच्या १५८७ च्या आवृत्तीचा आधार घेतला. ‘मॅकबेथ’ची पहिली छापील संहिता १६२३ च्या फोलिओतील. तिच्यात ‘वीअर्ड’ हा शब्द आज आपण लिहितो त्या रूपात एकदाही नाही. सहा ठिकाणी तो येतो. पैकी तीन ठिकाणी ‘वेवर्ड’ आणि तीन ठिकाणी ‘वेयर्ड’ असे वर्णलेखन आहे. ‘वेवर्ड’ हे रूप हेकट, स्वैर या अर्थाच्या वेगळ्या इंग्रजी शब्दाशी मिळतेजुळते आहे, आणि तो शब्द त्याच नाटकात हेकटीने मॅकबेथला उद्देशून वापरलेला आहे. आज आपण वाचतो ते ‘वीअर्ड’ हे रूप लुइस थिओबाल्ड याने १७३३ च्या आवृत्तीत, हॉलिनशेडचा आधार देऊन, प्रस्थापित केले. मार्ग्रेटा डी ग्राझिया आणि पीटर स्टॅलिब्रास यांनी १९९३ च्या आपल्या निबंधात या दुरुस्तीकडे लक्ष वेधले. थिओबाल्डने मूळ शब्द परत आणला, पण दैव आणि स्वैरपणा यांच्यामधली फोलिओतील संदिग्धता त्याने मिटवली. मॅकबेथच्या शोकान्तिकेचा सारा पेच, म्हणजे त्याचे पतन विधिलिखित होते की स्वेच्छेचे, त्या दोन वर्णलेखनांच्या मधल्या जागेत सामावलेला आहे. हे शेक्सपिअरने योजले होते असे म्हणण्याची आवश्यकता नाही. संहितेत ते आहे, एवढे पुरे.

आणखी एक बाब उल्लेखनीय आहे. फोलिओच्या रंगसूचनांत या तिघींना ‘चेटकीण’ म्हटले आहे. परंतु मॅकबेथ, बँको आणि स्वतः त्या भगिनी, आपल्या संवादांत ‘विर्द-भगिनी’ हेच नाव घेतात. वाचकाला दिसतात त्या चेटकिणी. प्रेक्षकाला ऐकू येतात त्या दैवभगिनी.

५

एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी शेली आणि कीट्स यांच्या काव्यात ‘वीअर्ड’ हे स्वतंत्र विशेषण म्हणून अवतरले; अद्भुत, अमानवी, गूढ हा त्याचा अर्थ. या पिढीने तो शब्द अनुभवला तो मुख्यत्वे ‘मॅकबेथ’मधून. तेथे ‘विर्द-भगिनी’ या समासातील पहिले पद नाम होते. परंतु नामाचा अर्थ विसरला गेल्यामुळे ते भगिनींचे विशेषण भासले. मग त्या भगिनी कशा आहेत ते पाहूनच विशेषणाचा अर्थ ठरला : दाढी असलेल्या, वाऱ्यात विरणाऱ्या, गूढ बोलणाऱ्या. दैव मागे पडले, दैवाच्या दूतींचे रूप उरले. शतकाच्या मध्यापर्यंत गूढतेचाही रंग उतरून केवळ विचित्रपणा राहू लागला. अमेरिकेत १९२३ मध्ये सुरू झालेल्या ‘वीअर्ड टेल्स’ या नियतकालिकाने आणि एच. पी. लव्हक्राफ्टच्या कथांनी त्याला एका साहित्यप्रकाराचे नाव केले. मार्क फिशर यांच्या २०१६ च्या पुस्तकाने त्याला समीक्षेची संज्ञा केले.

एक शेवटचे वळण तौलनिक अभ्यासकांनी ध्यानात घ्यावे असे आहे. जोसेफ हेनरिक आणि त्यांचे सहकारी यांनी २०१० मध्ये एका गाजलेल्या निबंधात दाखवले, की मानवी स्वभावाविषयीचे मानसशास्त्राचे अनेक निष्कर्ष एका लहानशा जनसमूहावर बेतलेले आहेत : पाश्चात्त्य, शिक्षित, औद्योगिक, श्रीमंत आणि लोकशाही समाजांतील माणसे. या पाच इंग्रजी विशेषणांच्या आद्याक्षरांतून ‘वीअर्ड’ हाच शब्द तयार होतो. जो शब्द विक्षिप्त ‘इतरां’ना लावला जात होता, तो असा त्याच्या वापरकर्त्यांवरच उलटला.

६

आता भारतीय भाषांकडे वळू. ‘विर्द’साठी आपल्याकडे शब्दांची वाण नाही; अडचण त्यांच्या विपुलतेची आहे. ‘भाग्य’ म्हणजे वाट्याला आलेला भाग. अरबी ‘नशीब’ आणि ‘किस्मत’ यांच्या मुळाशीही वाटाच आहे, आणि ग्रीक ‘मोइरा’च्याही. लॅटिन ‘फातुम’ म्हणजे उच्चारलेले. ‘ललाटलेख’ आणि सटवाईची अक्षरे म्हणजे लिहिलेले. ‘नियती’ म्हणजे बांधलेले, ‘प्रारब्ध’ म्हणजे आरंभलेले, ‘अदृष्ट’ म्हणजे न दिसलेले, ‘दैव’ म्हणजे देवांकडून आलेले. ‘विर्द’ यांपैकी कशातच बसत नाही. ती वाटलेली, बोललेली, लिहिलेली वा बांधलेली नसून घडलेली आहे. रचनेने तिला सर्वांत जवळ येतात ते ‘भवितव्य’ आणि ‘होणार’ हे शब्द. पण ते पुढे पाहतात, तर ‘विर्द’ घडून गेलेल्यालाही कवेत घेते. ‘प्रारब्ध’ किंवा ‘कर्म’ योजले तर पूर्वजन्माचा सारा हिशेब त्यात शिरतो, आणि बेओवुल्फला पूर्वजन्म नाही.

मराठी रंगभूमीने ‘मॅकबेथ’ एकाहून अधिक वेळा आपलेसे केले. शि. म. परांजपे यांचे ‘मानाजीराव’ आणि वि. वा. शिरवाडकर यांचे ‘राजमुकुट’ (१९५४) ही त्यांतील ठळक रूपांतरे. हिंदीत हरिवंशराय बच्चन यांचा अनुवाद (१९५७) आणि रघुवीर सहाय यांचे ‘बरनम वन’ (१९७९) आहे. या नाटकाविषयी लिहिता-बोलताना आपण त्या तिघींना सर्रास ‘चेटकिणी’ म्हणतो. हा शब्द चुकीचा नाही, परंतु तो रंगसूचनेचे भाषांतर आहे, संवादाचे नव्हे. चेटकीण अनिष्ट करते. दैवभगिनी घडणारे सांगते. पहिली निवडली तर मॅकबेथ बळी ठरतो, दुसरी निवडली तर श्रोता. आणि श्रोत्याची जबाबदारी बळीहून मोठी असते.

या दृष्टीने विशाल भारद्वाज यांचा ‘मकबूल’ (२००३) हा चित्रपट लक्षणीय आहे. तेथे तीन भगिनींच्या जागी दोन पोलीस अधिकारी आहेत. त्यांतील एक कुंडली मांडून भविष्य वर्तवतो. ‘वर्तवणे’ हे क्रियापदही ‘वृत्’ धातूच्याच कुळातले. पण चित्रपटाचे यश त्या योगायोगात नाही. भविष्य सांगणारे आणि ते घडवून आणणारे यांच्यातील सीमारेषा त्याने पुसट केली, आणि ‘विर्द-भगिनी’ या नावातील जो अर्थ ‘वीअर्ड’ या आजच्या शब्दाने गमावला आहे, तो ज्योतिषाच्या परिचित मार्गाने परत मिळवला. ज्या जन्मकाळच्या ताऱ्यांना एल्फ्रिकने दैवाच्या जागेवरून हटवले होते, तेच येथे भाषांतरकाराच्या उपयोगी पडले.

यावरून निष्कर्ष एवढाच निघतो, की ‘विर्द’चा खरा अर्थ ‘वृत्’मध्ये दडलेला नाही आणि तो कोणत्याही एका काळातही पूर्ण नाही. टीपाकाराने तिला देवता केले, बोईथियसच्या भाषांतरकाराने ईश्वराची सेविका केले, डग्लसने पुन्हा देवता केले, थिओबाल्डने स्थिर केले, स्वच्छंदतावाद्यांनी विशेषण केले. धातू या सर्वांना समान होता. भेद पडला तो प्रत्येकाने तिच्या शेजारी कोणता शब्द ठेवला यामुळे. भारतीय तौलनिक अभ्यासाने सगोत्र शब्दांची वंशावळ जरूर मांडावी, कारण ‘वर्तमान’ आणि ‘विर्द’ यांचे नाते जाणून घेण्यात ज्ञानाचा आनंद आहे. परंतु वंशावळीवरून स्वभाव ठरवू नये. शब्दाचा स्वभाव कळतो तो त्याला दुसऱ्या भाषेत नेताना काय सोबत येते आणि काय मागे राहते यावरून. ‘विर्द’ मराठीत आणताना आपण ‘चेटकीण’, ‘दैव’, ‘भवितव्य’ यांपैकी जो शब्द निवडू, त्यावर मॅकबेथ दोषी की दुर्दैवी, हा निवाडाही अवलंबून राहणार आहे.